बेला, तो मागे दिलेला पास

बेला, परवा तुमचा कलश जमिनीत ठेवला, आणि मी अजून तुमच्यावर चिडलेली आहे. रडून झालं, चीड उरली. तुम्ही असतात तर म्हणाला असतात, हिला आधी पुरावा द्या, मग ही रडेल.

आपण एकमेकांना 'दू', म्हणजे तू, म्हणायचो. तुम्हीच एका दुपारी जिन्यात जर्दाळूची दारू दोन छोट्या ग्लासांत ओतून म्हणाला होतात, आता 'झी'चं अहोजाहो पुरे, आपण शेजारी आहोत. जर्मनमध्ये ते जमलं. मराठीत मात्र माझ्या वडिलांपेक्षा चारपाच वर्षांनीच लहान असलेल्या माणसाला 'तू' लिहायला हात वळत नाही. तेव्हा इथे तुम्हीच.

संशय घेणं हे माझं पोटापाण्याचं काम. गाड्यांचे तुटलेले भाग माझ्या टेबलावर येतात, आणि ते का तुटले हे मला शोधायचं असतं. पुरवठादार म्हणतो, ड्रायव्हरने गाडी नीट वापरली नाही. ड्रायव्हर म्हणतो, मालच खराब होता. मी दोघांचंही खरं धरत नाही, तुकडा मायक्रोस्कोपखाली ठेवते. हे तुम्हाला सांगितलं तेव्हा तुम्ही खूप हसलात. मग बारीक डोळे करून म्हणालात, "म्हणून तू माणसांकडेही तशीच बघतेस होय."

बघत होते. तुमच्याकडे तर पहिल्या दिवसापासून.

इंगोलश्टाटच्या त्या घरात आम्ही राहायला आलो तेव्हा दाराच्या पाटीवर तुमचं नाव वाचून मी सासूबाईंना फोनवर सांगितलं, खाली कुणी बेला म्हणून राहतात. पुढे त्या आमच्याकडे आल्या आणि संक्रांतीला तिळगुळाची वाटी घेऊन 'खालच्या बेलाताईंकडे' गेल्या. दार उघडलं तर समोर मोडक्या नाकाचा, दाराएवढा माणूस. त्या वाटी तुमच्या हातात देऊन तशाच वर आल्या आणि मला म्हणाल्या, "अगं, ती बाई नाहीये." दुसऱ्या दिवसापासून तुम्ही बेलाभाऊ झालात. हंगेरीत बेला हे पुरुषाचं नाव असतं, हे त्यांनी मान्य केलं, पण त्यांना ते कधीच पटलं नाही.

तुम्ही फुटबॉलपटू होतात हे आम्हाला ईराने सांगितलं. माझी मुलगी तेव्हा बारातेरा वर्षांची होती आणि अंगणातल्या गवतावर बॉल खेळत होती. तिथे बॉल खेळायला मनाई आहे अशी पाटी होती, आणि दुसऱ्या मजल्यावरचे आलोईस ती पाटी वाचून दाखवायला खिडकीत यायचे. एकदा तुम्ही तिला म्हणालात, चल, खरं मैदान दाखवतो. डोनाऊ नदीच्या काठी, पुलापलीकडे. ती घरी येऊन जर्मनमध्ये एका दमात बोलत सुटली. बेला आधी बुडापेस्टमध्ये मिडफिल्डला खेळायचा, पश्चिमेकडची सीमा उघडल्यावर इकडच्या क्लबने त्याला आणलं, आता तो मला शिकवणार.

मी म्हटलं, का?

ती म्हणाली, का म्हणजे काय?

प्रसाद, माझा नवरा, आठवडाभर बॉनला असतो. एकटा राहणारा साठीला टेकलेला माणूस माझ्या मुलीला फुकट का शिकवणार, हा प्रश्न मला एकटीलाच सोडवायचा होता. मी लॅपटॉप घेऊन मैदानाच्या कडेच्या बाकावर जाऊन बसले. पुढच्या वेळी पुन्हा. तिसऱ्यांदा तुम्ही घाम पुसत माझ्यापाशी आलात. मला वाटलं आता रागावणार. तुम्ही म्हणालात, "बसत जा. माझी मुलगी असती तर मीही बसलो असतो." आणि परत गेलात.

या एका वाक्यासाठी मी तुमचे आभार मानायला हवे होते. मानले नाहीत. तेव्हा मला वाटलं, फार हुशारीने बोलतोय.

त्या बाकावर बसून मीही फुटबॉल शिकले. तुम्ही ईराला पायाचं फारसं काही शिकवतच नव्हतात. मान शिकवत होतात. बॉल आपल्याकडे यायच्या आधी या खांद्यावरून मागे बघ, मग त्या खांद्यावरून. मधे खेळणाऱ्याला चारी बाजूंनी माणसं असतात. "पुढे खेळणारा आशा धरतो. गोलकीपर देवाचं नाव घेतो. मधल्याने संशय घ्यायचा, बाकी काही नाही." बॉल न देता नुसतं मागे वळून बघायचा सराव तुम्ही तिच्याकडून करून घ्यायचात. नदीकाठाने कुत्री फिरवायला आलेले लोक थांबून बघायचे, ही मुलगी नक्की कुणाला शोधतेय म्हणून.

मला ते ऐकून बरं वाटलं होतं. माझ्यासारखाच कुणीतरी जगात आहे, आणि तेही मैदानावर धावत.

पण बेला, तुमचंच वागणं मला खटकायचं. पत्रपेट्यांपाशी मी सकाळचं 'मॉर्गन' म्हणायचे आणि तुम्ही कधी तोंडभरून हसायचात, कधी ढिम्म पुढे बघत निघून जायचात. आमच्या स्वयंपाकघरात चहाला आलात की हमखास कपाला धक्का. एकदा सासूबाईंनी नाशिकहून आणलेली काचेची बरणी तुमच्या कोपराने गेली. तुम्ही लालबुंद झालात आणि तुकडे वेचत बसलात. सासूबाई मराठीत मला म्हणाल्या, घेत असतील गं, एकटा जीव. मलाही तेच वाटलं. पण दारूचा वास कधी आला नाही. मी मुद्दाम जवळून जाऊन पाहिलं होतं.

मग आलोईस. कचऱ्याचे डबे बाहेर काढताना ते मला म्हणाले, तुमची मुलगी खालच्या हंगेरियनकडे शिकते म्हणे. मी हो म्हटलं. त्यांनी डब्याचं झाकण लावलं आणि शांतपणे सांगितलं, "त्याने आम्हाला विकलं."

ते सगळं त्यांनी उभ्या उभ्या सांगितलं. आलोईस तरुणपणापासून त्या क्लबचे. मोसमातला शेवटचा सामना, बरोबरी झाली तरी क्लब वरच्या लीगमध्ये राहणार होता. सामना संपत आलेला. बॉल मधे, बेलाच्या पायात, आजूबाजूला धावपळ काही नाही. आणि बेलाने बॉल मागे आपल्या गोलकीपरला देतो असं दाखवून सरळ विरोधी संघाच्या खेळाडूच्या पायात दिला. त्याने चार ढांगांत गोल केला. क्लब खाली घसरला तो आजवर वर आला नाही. विरोधी संघाचा प्रशिक्षक हंगेरियन होता, आणि आदल्या आठवड्यात दोघांना एका कॅफेत गप्पा मारताना लोकांनी पाहिलं होतं. बेला त्यानंतर एकही सामना खेळला नाही. आलोईस आणि तुम्ही एका जिन्याने इतकी वर्षं चढलात-उतरलात, पण त्यांनी तुम्हाला कधी नमस्काराचं साधं 'ग्र्यूस गॉट' म्हटलं नाही, ते यामुळे.

मी तुम्हाला थेट विचारलं नाही. आधी साक्षी गोळा केल्या. मला तुम्ही पूर्वीच सांगितलं होतं की गुडघा गेला म्हणून खेळ सुटला. ईराला विचारलं, तर तिला तुम्ही सांगितलेलं की प्रशिक्षक गाढव होता. सासूबाईंना फोन केला. त्या म्हणाल्या, अगं त्याची आई आजारी पडली ना, म्हणून सोडलं त्याने सगळं, मला ईराने समजावून सांगितलं होतं त्याचं बोलणं, मी रडले होते. म्हणजे एकाच तुटलेल्या भागाची तीन कारणं. माझ्या कामात तीन कारणं सापडली की समजायचं, चौथं कुणीतरी लपवतंय.

मागच्या वर्षी शरद ऋतूत, तुमच्याच स्वयंपाकघरात, मी ते विचारलं. तुम्ही लाल मिरची घालून बटाटे परतत होतात, ईरा वर अभ्यास करत होती. मी म्हटलं, बेला, तो पास तुम्ही मुद्दाम दिलात का?

तुम्ही गॅस बंद केला. पाठ माझ्याकडेच होती.

"तुला काय वाटतं?"

"मला माहीत नाही," मी म्हटलं. "म्हणून विचारतेय."

"गेनाऊ, बरोबर," तुम्ही म्हणालात. "माहीत नाही. छान उत्तर आहे. तेवढ्यावर राहा."

मी नाही राहिले. मी म्हटलं, ज्या माणसाने काही केलं नाही तो नाही म्हणतो. तुम्ही म्हणालात, 'नाही' म्हटल्यावर लोक 'का' विचारतात, आणि 'का' सांगितल्यावर 'कोण' विचारतात. मग तुम्ही मला एका ताटलीत बटाटे वाढून दिले, मी ते खाल्ले, आणि त्या दिवसापासून तुमचं चहाला येणं थांबलं. ईराचा सराव चालू राहिला. तो तुम्ही एकदाही चुकवला नाहीत. मी मात्र बाकावर जाणं सोडलं. जाऊन बसायचा मला आता हक्क नाही असं वाटायचं, आणि न जाताही चैन पडत नव्हतं. खिडकीतून तुम्ही दोघं सायकलवर पुलाकडे जाताना दिसायचात.

आणि मग हिवाळ्यात न्यूमोनिया. फुप्फुसं भरली. हॉस्पिटलमध्ये मी तुम्हाला भेटायला आले ते तुम्हाला कळलं का, हे मला अजून माहीत नाही. खोलीत एकच खुर्ची होती, पलंगाच्या खिडकीकडच्या बाजूला, तुमच्या डाव्या हाताला. मी तिथे बसले. तुम्ही जागे होता, समोर भिंतीकडे बघत होता. मी बराच वेळ बसले. तुम्ही मान वळवली नाहीत. मला वाटलं, हा अजून रागावलेला आहे आणि मरतानासुद्धा माझ्याशी बोलणार नाही. आवाज न करता मी उठले आणि घरी आले. दोन दिवसांनी ईरा जाऊन आली, तर ती म्हणाली, मस्त गप्पा मारल्या. त्याच आठवड्यात तुम्ही गेलात.

तुमच्या बहिणीने हंगेरीतल्या ग्यौरहून येऊन सगळं केलं. दफनभूमीत मूठभर माणसं होती. पाद्री तुमचं नाव चुकीचं उच्चारत होता आणि तुमची बहीण दर वेळी हळू आवाजात ते बरोबर करत होती. नंतर जेवणासाठी आम्ही कोपऱ्यावरच्या गास्टहाउसमध्ये गेलो. आलोईस तिथे आधीच येऊन बसले होते. दफनभूमीत ते आले नव्हते, सरळ जेवायलाच आले. इमारतीतल्या सगळ्यांना बोलावणं होतं, त्यामुळे कुणी काही म्हटलं नाही. मी म्हणणार होते. ईराने माझी बाही ओढली.

माझ्या आणि ईराच्या समोर एक उंच, पाठीत वाकलेले गृहस्थ येऊन बसले. हाताची बोटं वेडीवाकडी जुळलेली. म्हणाले, मी मान्फ्रेड, बेलाच्या मागे गोलमध्ये उभा असायचो. तू ईरा ना? तो फोनवर तुझ्याबद्दल सांगायचा.

मला बोलायचं होतं ते आपोआप तोंडातून गेलं. मी म्हटलं, मग तो पास तुम्हालाच द्यायचा होता.

मान्फ्रेडनी सूपचा चमचा खाली ठेवला. "हो. मलाच."

मग त्यांनी सांगितलं. सरावात कुणाचं तरी कोपर तुमच्या डाव्या डोळ्यावर बसलं होतं. सूज उतरली, पण डोळ्याच्या आतला पडदा सुटत गेला आणि काही महिन्यांत त्या बाजूचं दिसणंच बंद झालं. कुणाला कळलं असतं तर खेळ त्याच दिवशी संपला असता. मोसमाच्या सुरुवातीच्या तपासणीत मान्फ्रेड आधी आत जायचे, तक्त्यावरची अक्षरं पाठ करून बाहेर यायचे आणि दारात तुम्हाला सांगायचे. मैदानावर डावीकडून कुणी आलं की गोलमधून ओरडायचे, "लिंक्स, बेला." बघणाऱ्यांना वाटायचं, गोलकीपर असाच ओरडतो. दोन मोसम तुम्ही एका डोळ्यावर आणि मान्फ्रेडच्या आवाजावर खेळलात. सगळी वर्तमानपत्रं लिहायची, हा हंगेरियन किती सतत मान वळवून बघतो.

"आणि त्या दिवशी?" मी विचारलं.

"त्या दिवशी मी ओरडलो नाही." मान्फ्रेड माझ्याकडे बघत नव्हते, ईराकडे बघत होते. "सामना संपल्यात जमा होता. मी गॅलरीत माझी बायको कुठे बसलीय ते बघत होतो."

तुम्ही नेहमीसारखा बॉल मागे दिलात. डावीकडून धावत आलेला माणूस तुम्हाला दिसलाच नाही. मान्फ्रेडचं त्याच उन्हाळ्यात मोठ्या क्लबशी ठरलं होतं. अक्षरं सांगितल्याचं बाहेर आलं असतं तर ते मोडलं असतं. कपडे बदलताना तुम्ही त्यांना म्हणालात, गप्प राहा, माझा खेळ नाहीतरी संपला आहे, तुझा कशाला संपवायचा. आणि तो कॅफेतला हंगेरियन प्रशिक्षक? तुमच्या गावचा होता. तुम्ही त्याला घरच्या बातम्या विचारत होतात.

बेला, मी काय केलं असेल ते तुम्हाला कळेलच. मी यावरही संशय घेतला. मनात म्हटलं, ही चौथी गोष्ट झाली. मेलेल्या माणसाचा डोळा कोण तपासणार? आणि एका डोळ्याने दिसत नसलेला माणूसही मॅच विकू शकतोच की. जुना मित्र मयताच्या जेवणाला चांगलंच बोलणार. मी मान्फ्रेडना डोळा कुठला, कोणत्या वर्षी, डॉक्टर कोण असं विचारायला लागले.

ईराने माझ्या हातावर हात ठेवला आणि मराठीत म्हणाली, "आई, त्याला डावीकडचं दिसायचं नाही. मला माहीत होतं."

ती माझ्याशी मराठीत बोलत नाही. तिला सगळं समजतं, उत्तर जर्मनमध्ये येतं. त्यामुळे मी मान्फ्रेडना सोडून तिच्याकडे वळले. पुढचं तिने जर्मनमध्येच सांगितलं. पहिल्याच उन्हाळ्यात तिच्या लक्षात आलं होतं. डावीकडून बॉल दिला की तो त्याच्या पायाला लागून निघून जायचा, मग ती उजवीकडूनच द्यायला लागली. सायकल ती नेहमी त्याच्या डाव्या बाजूने चालवायची, गाड्यांच्या बाजूला. हॉस्पिटलमध्ये गेली तेव्हा तिने खुर्ची उचलून पलंगाच्या दुसऱ्या बाजूला ठेवली होती.

मी विचारलं, मला का नाही सांगितलंस?

"त्याने कधी सांगितलं नाही. मी कधी विचारलं नाही." तिने खांदे उडवले. "आल्झो, म्हणजे, ते त्याचं होतं."

दिसत नव्हतं, बेला. पत्रपेट्यांपाशी, चहाच्या टेबलावर, सासूबाईंच्या बरणीपाशी, आणि त्या खोलीत मी खिडकीपाशी बसले होते तेव्हा. रोज तुकडे तपासणारी मी, आणि इतके तुकडे समोर असताना मला एकही जोडता आला नाही. मला तुमचा राग आला तो तिथे. एका वाक्यात मिटलं असतं. मान्फ्रेडचा खेळ संपून किती वर्षं झाली, ते आता आजोबा आहेत. कुणासाठी गप्प होतात? सवय झाली होती का? की अर्धं दिसणारा म्हणून कुणी कीव करण्यापेक्षा पूर्ण लबाड म्हणवून घेणं तुम्हाला बरं वाटत होतं? मला ते खरं वाटतं, पण पुरावा नाही.

मान्फ्रेडनी आम्हाला विचारलं, आता सांगितलं तर तो रागावेल का? ईरा म्हणाली, रागावेल. मान्फ्रेडनी मान हलवली, उभे राहिले, ग्लासावर चमचा वाजवला आणि त्या मूठभर लोकांना सगळं सांगितलं. अक्षरांचंही. आपण ओरडलो नाही हेही. बायकोचंही. तुमच्या बहिणीला जर्मन येत नाही. ती सगळ्यांचे चेहरे बघत होती.

मग आलोईसनी रुमालाने तोंड पुसलं आणि म्हणाले, "गोल तर गेलाच ना."

मी आता काहीतरी बोलणारच होते. पण मान्फ्रेडना हसू फुटलं. ते हसता हसता खालीच बसले, डोळे पुसत म्हणाले, हो, गेला, गोल गेला. तुम्हीही हसला असतात, हे मला पुराव्याशिवाय मान्य आहे.

जेवण उरकून आम्ही बाहेर पडलो तेव्हा आलोईस दारात कोट घालून उभे होते. मला वाटलं टॅक्सीची वाट बघतायत. मी गाडीत जागा आहे असं म्हटलं, फार मनापासून नाही. त्यांनी माझ्याकडे लक्ष दिलं नाही. ईराला विचारलं, कबर कुठल्या बाजूला आहे, मोठ्या फाटकापासून लांब आहे का.

ती म्हणाली, दाखवते.

आलोईस काठी टेकत टेकत चालले होते, ती त्यांच्या पावलाने. दफनभूमीच्या फाटकातून दोघं आत गेले. मी गाडीपाशी थांबले. भिंतीपलीकडे ते काय बोलत होते, आलोईस माफी मागत होते की तिथेही तुम्हाला गोल गेल्याचं ऐकवत होते, मला ऐकू येत नव्हतं. मी वीस पावलं चालून गेले असते तर आलं असतं. प्रसादचा बॉनहून फोन आला, मी म्हटलं, नंतर करते.

बऱ्याच वेळाने ते परत आले. आलोईस मागच्या सीटवर बसले आणि खिडकीबाहेर बघू लागले. ईरा माझ्या शेजारी बसली, पट्टा लावला. तिचे डोळे लाल होते आणि बुटांना ओली माती लागली होती, आलोईसच्या गुडघ्यांनाही.

विचारायचं फार होतं, बेला. मी गाडी सुरू केली.